हरिपूरचा पार आणि आजीची वही

पहिला दिवस : १२ नोव्हेंबर, पुणे ते सांगली

आजीच्या वहीला आता पुठ्ठा उरलेला नाही. जाड दोऱ्यानं शिवलेली पानं, कडांना तेलाचे डाग, आणि उघडली की जुन्या कपाटाचा वास. ताईनं ती सुती साडीच्या तुकड्यात गुंडाळली आणि गाडी सुटल्यापासून मांडीवरून खाली ठेवली नाही. दुपारची कोयना एक्स्प्रेस होती. साताऱ्यापर्यंत ताई वही उघडायची, एखादं पद पुटपुटायची आणि पुन्हा मिटून ठेवायची.

वहीत सगळी नाटकातली पदं आहेत. आजीनं हातानं उतरवलेली. प्रत्येक पदाच्या डोक्यावर तिनं 'चाल' असं लिहून कुठल्या तरी जुन्या पदाची सुरुवात दिली आहे, पण पद कुणी रचलं ते कुठंच नाही. लहानपणी आम्हाला ही पदं आजीचीच वाटायची. पुढं कॉलेजात कळलं की निम्म्याहून अधिक पदं एकाच माणसाची आहेत. गोविंद बल्लाळ देवल. त्यांचं बालपण सांगलीजवळच्या हरिपुरात गेलं. तेव्हापासून दोघी बहिणी म्हणत होतो, एकदा हरिपूरला जाऊ. मुलांच्या परीक्षा, घरातली आजारपणं, ताईचे गुडघे यात तीस वर्षं गेली.

कऱ्हाडच्या पुढं ताईनं 'मजवरी तयांचे प्रेम खरे' जरा मोकळ्या आवाजात म्हटलं. समोरच्या बाकावरचे गृहस्थ सावरून बसले आणि म्हणाले, "वा! बालगंधर्वांचं ना हे?" ताई हसून "हो" म्हणाली. ते खोटं नव्हतंच. देवलांच्या 'संशयकल्लोळ' नाटकातली रेवती बालगंधर्वांनीच गाजवली. पण मला मात्र ते लागलं. पद गायकाच्या नावानं ओळखलं जातं. ते रचणारा माणूस पहिल्या ओळीच्याही मागं उभा असतो आणि कुणी त्याच्याकडं वळून बघत नाही.

सांगलीत उतरलो तेव्हा दिवेलागण झाली होती. स्टेशनबाहेर भडंगाच्या गाड्यांवर गर्दी होती. आम्हीही एक पुडा घेतला आणि तेवढ्यावरच झोपलो.

दुसरा दिवस : १३ नोव्हेंबर, हरिपूर

तारीख मुद्दाम निवडली होती. देवलांचा जन्म १३ नोव्हेंबर १८५५चा.

सांगलीहून हरिपूर चारेक किलोमीटर. रिक्षावाल्याला म्हटलं, सावकाश ने, घाई नाही. रस्त्याच्या दोन्ही बाजूंना जुनी झाडं आहेत आणि त्यांच्या फांद्या वर एकमेकींना मिळाल्यात. सांगलीचा गोंगाट मागं पडतो आणि ओल्या मातीचा वास यायला लागतो. गाव लहान आहे. चौकात विचारलं, "संगमेश्वराचं देऊळ कुठं?" तर दोघा-तिघांनी एकदम हात करून वाट दाखवली.

देऊळ बघितलं, पण मी थांबले ती घाटावर. कृष्णा इथं रुंद आणि संथ आहे. पश्चिमेकडून वारणा येते आणि काही अंतर दोन्ही पाण्यांचे रंग वेगळे दिसत राहतात. पलीकडं कोथळीचा काठ, उसाची शेतं. दगडी पायऱ्यांवर दोन बायका धुणं आपटत होत्या. त्या आपटण्याचा ठेका आणि नदीचं गप्प राहणं. मला एकदम वाटलं, 'शारदा' नाटकातली माणसं या पायऱ्यांवरूनच चढून आली असणार. कांचनभट इथंच संध्या करत असेल आणि मनातल्या मनात मुलीच्या रुपयांचा हिशोब मांडत असेल.

ज्यांनी नाटक पाहिलं नाही त्यांच्यासाठी थोडं सांगते. भुजंगनाथ हा पैसेवाला म्हातारा. त्याला पुन्हा लग्न करायचं आहे. भद्रेश्वर दीक्षित हा मध्यस्थ. कांचनभट हा पैशासाठी स्वतःची कोवळी मुलगी, शारदा, त्या म्हाताऱ्याला द्यायला निघालेला बाप. कोदंड हा तरुण हे लग्न मोडायला उभा राहतो. भर मांडवात वर आणि वधू सगोत्र असल्याचं उघड होतं आणि लग्न थांबतं. हे सगळं १८९९ साली किर्लोस्कर नाटक मंडळीनं रंगभूमीवर आणलं. त्याआधी संगीत नाटक म्हणजे पुराणातल्या नाही तर संस्कृत नाटकांतल्या कथा. शेजारच्या घरात घडणारी गोष्ट, स्वतंत्र कथानक आणि सोबत गाणं, हे मराठीत 'शारदे'नं पहिल्यांदा केलं. देवलांच्या सात नाटकांत स्वतःच्या कथानकाचं नाटकही हे एकच.

देवळाच्या जवळच्या पाराकडं गेलो. देवलांनी 'शारदा' पारावर बसून लिहिलं, असं गाव सांगतं. एक वयस्क गृहस्थ तिथं ऊन खात बसले होते. आम्ही घुटमळताना बघून त्यांनी स्वतःच जागा करून दिली.

"या की, बसा. कुठनं आलाय?"

"पुण्याहून. देवलांचं गाव बघायला आलोय."

"मग बसा हितंच. हितंच बसून लिवलं त्यांनी 'शारदा'." आणि जरा थांबून म्हणाले, "आमच्या आज्ज्याच्या तोंडी सगळी पदं होती. आता कुणाला येत न्हाईत."

ताईनं वही उघडून त्यांच्यापुढं धरली. त्यांना चष्म्याशिवाय वाचता येईना. मग तिनं वाचून दाखवलं, आणि वाचता वाचता गायलाच लागली. 'तू टाक चिरुनी ही मान'. शारदा आईला सांगते, हे लग्न लावण्यापेक्षा माझा गळा चीर, भिऊ नको. त्यात एकही अवघड शब्द नाही. संस्कृतातला जडपणा नाही, अलंकार नाही. स्वयंपाकघरात मुलगी आईला जे म्हणेल तेच चालीवर बसवलं आहे. गृहस्थ मान खाली घालून ऐकत होते. पद संपल्यावर ते काही बोलले नाहीत, फक्त ताईच्या वहीला हात लावून तो कपाळाला लावला.

देवलांचं मोठेपण मला इथं, या पारावर, नीट कळलं. संगीत नाटकातल्या कवीचं काम विचित्र असतं. चाल बहुतेक वेळा आधीच ठरलेली असते. ती लोकांच्या ओठांवर असलेल्या लावणीची असते, कानडी पदाची असते, साकी-दिंडीची असते, नाही तर कुठल्या चिजेची. नाटकाच्या छापील पुस्तकात प्रत्येक पदाच्या वर ती लिहिलेली असते. आजीनं वहीत उतरवली ती तीच. म्हणजे कवीला मात्रा मोजून मिळतात, समेची जागा ठरलेली असते, लांबवायचा स्वर कुठं येणार तेही ठरलेलं असतं. त्या साच्यात शब्द बसवायचे, आणि ऐकणाऱ्याला मात्र वाटलं पाहिजे की पात्राला हे आत्ताच सुचलं. 'म्हातारा इतुका न, अवघें पाउणशें वयमान' ही ओळ घ्या. कुणी फार म्हातारा नाही हो, अवघा पंचाहत्तर! सगळा टोमणा त्या एका 'अवघें'त आहे आणि गाताना आवाजही तिथंच खोडकर होतो. आपण आजही घरात कुणाचं वय काढायचं असेल तर 'पाऊणशे' म्हणतो. ही बोली देवलांनी नव्यानं घडवलेली नाही. ती इथल्या ओट्यांवर होती, त्यांनी ती चालीसकट उचलली.

म्हणूनच मी त्यांना आधी कवी म्हणते आणि मग नाटककार. हे सगळ्यांना पटेल असं नाही.

दुपारी त्याच गृहस्थांच्या घरी जेवलो. नको नको म्हणत होतो, पण वहिनींनी पानं मांडलीच होती. कृष्णाकाठच्या वांग्याचं भरीत, ज्वारीची भाकरी, दही. जेवण झाल्यावर त्यांनी पेवं दाखवायला नेलं. हरिपूरची पेवं म्हणजे जमिनीत खोल खणलेली हळदीची कोठारं. वरून तोंड लहान, आत माणूस शिडीनं उतरेल एवढी खोली. इथल्या मातीत ओल धरत नाही, कीड लागत नाही, हळद वर्षानुवर्षं टिकते. सांगलीच्या हळदीला २०१८ साली भौगोलिक मानांकन मिळालं. पण पेवं आता थोडीच उरलीत. २००५च्या महापुरात कितीतरी पेवांत पाणी शिरलं आणि ती गेली. २०१९ला तर आयर्विन पुलापाशी पाणी ५७ फुटांवर चढलं होतं. वहिनींनी भिंतीवर हात ठेवून दाखवलं, "हितवर." त्यांच्या डोक्याच्याही वर.

संध्याकाळी पुन्हा घाटावर. आता धुणाऱ्या बायका नव्हत्या. ताई म्हणाली, "आजीला एकदा आणायला हवं होतं." मी काही बोलले नाही.

आजीचं लग्न १९२८ साली झालं. ती तेरा वर्षांची होती, आजोबा अडतीस. बिजवर. बालविवाह रोखणारा कायदा १९२९ साली झाला आणि १ एप्रिल १९३०पासून लागू झाला. मुलीचं वय निदान चौदा, मुलाचं अठरा. लोक त्याला शारदा कायदा म्हणतात आणि पुष्कळांना वाटतं की तो देवलांच्या शारदेवरून. खरं तर अजमेरच्या हरबिलास सारडा यांनी तो मांडला म्हणून ते नाव. पण मराठी माणसाच्या मनात दोन्ही नावं एकत्र झाली याचं मला अजिबात वाईट वाटत नाही. तीस वर्षं गावोगाव या नाटकाचे प्रयोग झाले होते, लोक रडले होते, हसले होते. कायदा आला तेव्हा महाराष्ट्रातल्या कितीतरी घरांत 'शारदा' म्हणजे काय ते आधीच ठाऊक होतं. आजीला तो कायदा दीड-दोन वर्षांनी चुकला. नाटक मात्र तिच्यापर्यंत पोचलं होतं.

तिसरा दिवस : १४ नोव्हेंबर, सांगली

सकाळी गणपतीच्या देवळात जाऊन मग विष्णुदास भावे नाट्यमंदिर. प्रयोग नव्हता, बाहेरूनच पाहिलं. भाव्यांनी १८४३ साली सांगलीकर चिंतामणराव पटवर्धनांच्या आश्रयानं 'सीतास्वयंवर' केलं आणि मराठी रंगभूमी सुरू झाली. त्याची आठवण म्हणून ५ नोव्हेंबरला रंगभूमी दिन असतो. तो नुकताच होऊन गेला होता. त्याच १८४३ सालात गुर्लहोसूरला अण्णासाहेब किर्लोस्करांचा जन्म झाला. ही गोष्ट मला नेहमी गंमतीची वाटते.

अण्णासाहेबांचं नाव काढल्याशिवाय देवलांची गोष्ट पुरी होत नाही. देवल बेळगावला शाळेत होते तेव्हा किर्लोस्कर तिथं शिक्षक होते. पुढं १८८० साली पुण्यात 'शाकुंतल' उभं राहिलं, १८८२ साली 'सौभद्र'. देवल त्यांच्या बरोबर होते. गुरू १८८५ साली अवघ्या बेचाळिसाव्या वर्षी गेला आणि शिष्यानं लेखणी घेतली. 'दुर्गा', मग शूद्रकाच्या नाटकावरून 'मृच्छकटिक', कालिदासावरून 'विक्रमोर्वशीय', शेक्सपिअरच्या ऑथेल्लोवरून 'झुंजारराव', बाणाच्या कादंबरीवरून 'शापसंभ्रम'. 'मृच्छकटिका'तलं 'रजनीनाथ हा नभी उगवला' ताई पहाटे रियाजाला म्हणते. चांदण्याचं पद पहाटे का, असं विचारलं तर म्हणते, मला चंद्र तेव्हाच दिसतो.

देवलांचं दुसरं काम तालमीचं. नटाला उभं कसं राहायचं, वाक्य कुठं तोडायचं, पदात शिरताना बोलणं कधी सोडायचं, हे ते शिकवायचे. पदकर्ताच तालीम मास्तर असला की पदं अशी का होतात ते समजतं. नटाचा श्वास कुठं संपतो हे त्यांना माहीत होतं.

दुपारी जुन्या पुस्तकांच्या एका दुकानात 'शारदे'ची छापील प्रत मिळाली. मुखपृष्ठ फाटलेलं, पण आतली पानं सगळी. खोलीवर येऊन आम्ही दोघी वही आणि पुस्तक शेजारी शेजारी ठेवून बसलो. ताई पुस्तकातून पदाची सुरुवात वाचायची, मी वहीत शोधायची. रात्री साडेदहापर्यंत हेच.

आजीनं काही शब्द बदललेत. बहुधा ऐकून उतरवल्यामुळं. एका ठिकाणी अंतरा पुढं-मागं झालाय. तीन-चार छोटी पदं राहिलीत. पण दोन गोष्टींनी मी गप्प झाले.

'तू टाक चिरुनी ही मान' वहीत दोनदा आहे. एकदा सुरुवातीला, बाळबोध मोठ्या अक्षरात. आणि पुन्हा खूप पुढं, वेगळ्या शाईत, वळणदार अक्षरात, म्हणजे बऱ्याच वर्षांनी. चुकून नाही. दुसऱ्यांदा उतरवताना तिनं पहिल्या वेळचे दोन शब्द सुधारलेत.

आणि 'म्हातारा इतुका न' वहीत नाही. महाराष्ट्रात ज्याला एकच नाट्यपद येतं त्याला हे येतं. आजीच्या वहीत ते नाही.

मी म्हटलं, "एखादं पान गेलं असेल."

ताईनं शिवणीत बोट घालून पानं मोजली. जोडपानं सगळी जागेवर होती.

"आजोबांमुळं असेल," मी म्हटलं. "वही घरात सगळ्यांच्या हाताला लागायची. नवऱ्याच्या वयावर पद कसं लिहिणार?"

आजोबा चांगले होते, हे इथं लिहायलाच हवं. त्यांनीच तिला लिहा-वाचायला शिकवलं, त्यांनीच तिला मिरजेला नाटकाला नेलं. ही वही त्यांनीच आणून दिलेली. आणि तरी.

ताई बराच वेळ पुस्तक चाळत होती. मग म्हणाली, "ते पद शारदेचं नाहीये गं. मैत्रिणींचं आहे. त्या तिच्याभोवती जमून हसतात. त्यांना कुठं त्याच्याशी लग्न करायचं होतं? आजीनं शारदेची सगळी लिहिली. मैत्रिणींचं का लिहील ती?"

मी वही पुन्हा पहिल्यापासून पाहिली. 'मूर्तिमंत भीति उभी' आहे. आईला उद्देशून असलेलं आहे, दोनदा. 'श्रीमंत पतीची राणी', ते थट्टेचं, नाही.

इतकी वर्षं मला वाटायचं की देवलांनी 'म्हातारा इतुका न' लिहून प्रेक्षकांना आपल्या बाजूला ओढलं आणि हेच त्यांचं हुकमी पान. काल पारावरही मी तेच म्हटलं. पण त्यांनी थट्टा एकीकडं ठेवली आणि भीती दुसरीकडं. शारदेच्या तोंडी थट्टा दिली नाही. प्रेक्षागृह हसून हसून लोटपोट होत असताना ती एकटी हसत नाही. तेरा वर्षांच्या, नुकतं लिहायला शिकलेल्या मुलीला ही वाटणी बरोबर कळली. मला कळायला एकसष्ट वर्षं लागली.

चौथा दिवस : १५ नोव्हेंबर, मिरज

सांगलीहून मिरज दहाएक किलोमीटर. आमची परतीची गाडी इथूनच होती, तेव्हा दिवस मोकळा मिळाला. आधी दर्ग्यात गेलो. अब्दुल करीम खाँसाहेबांची समाधी इथं आहे आणि उरुसात आजही गवई येऊन सेवा करतात. मग सतारमेकरांच्या गल्लीत. भोपळे टांगलेले, लाकडाचा भुसा पायाखाली, आणि एक कारागीर तंबोऱ्याच्या घोडीवर जवारी काढत बसलेला. सुताचा दोरा तारेखाली सरकवायचा, तार छेडायची, कान लावायचा, पुन्हा एक केसभर सरकवायचा. ताई अर्धा तास तिथून हलली नाही.

मिरजेला आम्हाला नाटकाचं ठिकाणही बघायचं होतं. १९०५ साली बालगंधर्व किर्लोस्कर मंडळीत पहिल्यांदा रंगमंचावर आले ते इथं, शकुंतलेच्या भूमिकेत. त्या जागी आता त्यांच्या नावाचं नाट्यगृह आहे. त्या तरुण मुलाकडून तालमी करून घेणाऱ्यांत देवल होते. पुढं त्याच बालगंधर्वांची स्वतःची कंपनी झाली. देवलांनी 'फाल्गुनराव' नावाचं एक गद्य प्रहसन पूर्वी लिहिलं होतं. मूळ मोलिएरचं, इंग्रजीतून आर्थर मर्फीच्या वाटेनं आलेलं. त्यात पदं घालून त्यांनी 'संशयकल्लोळ' केलं. पात्रांची नावं महिन्यांची आणि नक्षत्रांची: फाल्गुनराव, कृत्तिका, अश्विनशेठ, रेवती, भादव्या. फ्रान्समधला संशयी नवरा इतका मराठी झाला की परका वाटतच नाही. १४ जून १९१६ला देवल गेले. 'संशयकल्लोळ' संगीत होऊन रंगभूमीवर आलं ते त्याच वर्षीच्या ऑक्टोबरात. गणपतराव बोडसांचा फाल्गुनराव, बालगंधर्वांची रेवती. ही पदं भरल्या नाट्यगृहात कशी वाजतात ते देवलांनी ऐकलंच नाही. ताईनं गाडीत म्हटलेलं 'मजवरी तयांचे प्रेम खरे' त्यातलंच.

संध्याकाळी प्लॅटफॉर्मवर बसलो होतो. गाडीला वेळ होता. ताईनं वही सोडली, पहिलं पान उघडलं आणि पर्समधून पेन्सिल काढली. पहिल्या पदाच्या वर, आजीनं लिहिलेल्या 'चाल'च्याही वर, जेवढी जागा होती तेवढ्यात बारीक अक्षरात लिहिलं : गोविंद बल्लाळ देवल, हरिपूर.

"पेन्सिलनं का?" मी विचारलं. "पेन आहे माझ्याकडं."

"आजीची वही आहे," ती म्हणाली. "त्यात शाईनं आपण नाही लिहायचं."